टाळ-मृदंगावरचं शुभवर्तमान

नारायण वामन टिळक आपल्याला पहिल्यांदा भेटतात ते शाळेच्या पुस्तकात, बाणानं घायाळ झालेल्या पक्षिणीच्या कवितेतून. पुढे त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंची ‘स्मृतिचित्रे’ हाती पडली की दुसरे टिळक भेटतात. शीघ्रकोपी, उदार, संसाराचा हिशेब न ठेवणारे, एका जागी न टिकणारे. कवी आणि नवरा या दोन ओळखी महाराष्ट्रात इतक्या पक्क्या झाल्या आहेत की तिसरी ओळख त्यांच्यामागे झाकून गेली आहे. ती म्हणजे उभं राहून, टाळ-मृदंगाच्या साथीनं ख्रिस्तचरित्र गाणाऱ्या कीर्तनकाराची, आणि मराठी ख्रिस्ती मंडळ्यांच्या तोंडी शंभरांहून अधिक गाणी देणाऱ्या गीतकाराची. मला हे तिसरे टिळक सर्वांत मोठे वाटतात. कविता आवडली तर वाचक ती पुन्हा वाचतो. पण एका अख्ख्या समाजाला त्याच्या स्वतःच्या भाषेत, स्वतःच्या चालीत गायला लावणं हे काम फार थोड्यांच्या हातून होतं.

टिळकांचा जन्म ६ डिसेंबर १८६१चा, रत्नागिरी जिल्ह्यातल्या करजगावचा. कोकणस्थ ब्राह्मण घर, संतवाङ्मयाचे संस्कार, कवितेची आवड असलेली आई. ती लवकर गेली आणि मुलगा घर सोडून नाशिकला आला. गणेशशास्त्री लेल्यांकडे संस्कृत शिकला. १८८०मध्ये नाशिकजवळच्या जलालपूरच्या मनूशी, म्हणजे पुढच्या लक्ष्मीबाईंशी, लग्न झालं. नोकऱ्या आणि गावं बदलत दोघं नागपूरला पोचली. १८९३मध्ये नागपूरहून राजनांदगावला जाताना रेल्वेच्या डब्यात एका युरोपीय सहप्रवाशानं त्यांच्या हातात ‘नवा करार’ ठेवला आणि दोन वर्षांत तुम्ही ख्रिस्ती व्हाल असं सांगितलं. त्या माणसाचं नाव टिळकांना पुढे कधीच कळलं नाही. १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत टिळकांचा बाप्तिस्मा झाला, आणि तो त्यांनी मुद्दाम भारतीय पाळकाच्या हातून घेतला.

आम्हा मुलुंडकरांना या प्रवासात एक वाटा आपसूक मिळतो. नागपूरकडून इगतपुरी-कल्याणमार्गे या किंवा नगरकडून दौंड-पुणेमार्गे या, मुंबई गाठायची तर गाडी ठाणं ओलांडून मुलुंडवरूनच जायची. १६ एप्रिल १८५३ला बोरीबंदर ते ठाणे पहिली आगगाडी धावली, तीच ही वाट. बाप्तिस्म्यानंतर टिळक अहमदनगरला स्थायिक झाले. नगर आणि मुंबई या अमेरिकन मराठी मिशनच्या दोन मोठ्या केंद्रांमध्ये त्यांचं येणंजाणं शेवटपर्यंत चालू राहिलं.

नगरला ते आले तेव्हा तिथल्या ख्रिस्ती मंडळ्यांकडे गाणी नव्हती असं नाही. ‘ज्ञानोदय’ हे मिशनचं नियतकालिक १८४२मध्येच सुरू झालं होतं. हेन्री बॅलंटाइन यांच्यासारख्या मिशनऱ्यांनी मराठी शिकून इंग्रजी उपासनागीतं मराठीत आणली होती. त्यांची कळकळ खरी होती, तरी ती गाणी जिभेवर रुळायला कठीण गेली. कारण भाषेच्या हाडातच आहे.

इंग्रजी उपासनागीताचा सर्वांत रुळलेला साचा म्हणजे आठ, सहा, आठ, सहा अक्षरांच्या चार ओळी. ओळीची सुरुवात हलक्या अक्षरावर, मग जोरकस, मग हलकं, मग जोरकस. इंग्रजीत प्रत्येक शब्दाचा आघात ठरलेला असतो आणि चाल त्या आघातावर पाय देत चालते. मराठी शब्द आघातावर चालत नाही. तो लघु-गुरूवर, म्हणजे अक्षर किती लांबवायचं यावर चालतो. ‘येशू’ या शब्दात दोन्ही अक्षरं गुरू आहेत. हलक्या ठोक्यावर सुरू होणाऱ्या चालीत तो घातला की पहिलं अक्षर गिळलं जातं आणि सगळा भार ‘शू’वर येतो. असं ओळीमागून ओळ घडायला लागलं की शब्द कळतात, पण आपले वाटत नाहीत. याउलट मोठ्या अभंगात पहिल्या तीन चरणांत सहा-सहा आणि चौथ्यात चार अक्षरं, दुसऱ्या-तिसऱ्या चरणाला यमक. शेवटचा आखूड चरण टाळकऱ्यांना उचलायला जागा देतो. आठ-आठ अक्षरांचा छोटा अभंग तर निरक्षर माणसाच्याही एका ऐकण्यात मुखोद्गत होतो. आणि ओवी जात्यावर बसलेल्या प्रत्येक बाईची होतीच.

दुसरी अडचण स्वररचनेची. पाश्चात्त्य उपासनासंगीत चार आवाजांत बांधलेलं असतं: सोप्रानो, आल्टो, टेनर, बेस. चौघांच्या चार ओळी एका वेळी चालतात आणि त्यांच्या मिळण्यातून गाणं उभं राहतं. ते सुंदर असतं, मात्र त्याला नोटेशन वाचणारी माणसं लागतात, ऑर्गन लागतो, आठवड्याची तालीम लागते. नगर जिल्ह्यातल्या दुष्काळी गावात, झाडाखाली भरणाऱ्या उपासनेत हे कुठून आणायचं? एकाच सुरावटीवर सगळ्या गावानं गायचं हीच तिथली रीत.

ही अडचण टिळकांच्या आधी एका नगरकरानं ओळखली होती. कृष्णराव रत्नाजी सांगळे (१८३४–१९०८) हे अमेरिकन मराठी मिशनमधले गीतकार आणि ख्रिस्ती कीर्तनाच्या आद्य प्रवर्तकांपैकी एक. १८६०च्या दशकात नगरच्या मंडळींनी कीर्तन हा प्रकार उपासनेत आणला, त्यात सांगळ्यांचा वाटा मोठा. तन, मन आणि धन अर्पण करण्याचं त्यांचं गीत पुढे इंग्रजीत गेलं आणि त्यांच्या नावासकट परदेशी गीतसंग्रहांत छापलं गेलं. ज्या काळात सगळी भाषांतरं इंग्रजीतून मराठीत होत होती, त्या काळातल्या मराठी गाण्यानं हा उलटा प्रवास केला. सांगळ्यांचं नाव आज मराठी साहित्याच्या इतिहासात जवळजवळ सापडत नाही, हे मला फार खुपतं.

कीर्तनाची रचना इथे थोडी उलगडून पाहायला हवी, कारण सारी गंमत तिच्यात आहे. नारदीय कीर्तनात आधी नमन, मग पूर्वरंग. पूर्वरंगात एखादं पद किंवा अभंग मूळ म्हणून घ्यायचा आणि त्यावर निरूपण करायचं. मध्ये नामाचा गजर होतो, श्रोते सैलावतात. मग उत्तररंगात आख्यान, म्हणजे मूळ विचार पटवणारी कथा. शेवटी पुन्हा मूळ पदावर येऊन आरती. कथा सांगताना कीर्तनकार ओवी, आर्या, साकी, दिंडी, श्लोक, कटाव यांच्यात सहज ये-जा करतो. दुःखाला एक चाल, धावपळीच्या प्रसंगाला दुसरी, विनोदाला तिसरी. मागे उभे साथीदार धृपद उचलतात, त्यांच्यामागून सगळी सभा.

ख्रिस्ती कीर्तनकारानं ही चौकट तशीच ठेवली. नमन एका देवाला, मूळ पद शुभवर्तमानातल्या वचनावर बांधलेलं, आणि आख्यानासाठी उधळ्या पुत्राचा दाखला, योसेफ आणि त्याचे भाऊ, ख्रिस्तजन्म किंवा वधस्तंभ. उधळ्या पुत्राची गोष्ट कीर्तनासाठीच जन्मली असावी असं वाटतं. वडिलांची इस्टेट घेऊन निघालेला मुलगा, परमुलखातली चैन, मग डुकरं राखण्याची पाळी, परतीची वाट आणि दुरून धावत येणारा म्हातारा बाप. गावातल्या कुणालाही ती समजावून सांगावी लागत नाही. चाली त्या काळच्या रिवाजाप्रमाणे लोकांच्या कानात आधीच बसलेल्या असत. नव्या शब्दांना जुनी चाल मिळाली की श्रोता दुसऱ्या कडव्यालाच गायला लागतो.

या कीर्तनाला बसणारी माणसं कोण होती, हे लक्षात घेतल्याशिवाय त्याचं मोल कळत नाही. नगर जिल्ह्यातल्या ख्रिस्ती मंडळ्यांत बहुसंख्य लोक महार आणि मांग समाजातून आलेले. एकतारी भजन आणि वाजवण्या-गाण्याची परंपरा त्यांच्या घरात पिढ्यान् पिढ्या होती. देवळातलं कीर्तन मात्र त्यांनी भिंतीबाहेर उभं राहून ऐकलं होतं. आता तेच कीर्तन त्यांच्यासाठी, त्यांच्या वस्तीत, त्यांच्याच साथीदारांबरोबर उभं राहिलं. टिळक जन्मानं ब्राह्मण आणि संस्कृताचे पंडित. त्यांच्या कीर्तनात नारदीय चौकट आणि वस्तीचा आवाज एकत्र आला. बाहेर उभं राहून ऐकणाऱ्यांनी सभेत बसून धृपद उचलणं हा त्या गावांतला मोठा बदल होता, आणि तो गाण्यानं घडवला.

टिळक नगरला मिशनच्या धर्मशिक्षण विद्यालयात शिकवत. रॉबर्ट ह्यूम या मिशनऱ्याशी त्यांचा दीर्घ स्नेह होता. १८९६–९७ आणि १८९९–१९०० या दोन मोठ्या दुष्काळांत मिशनकडे अनाथ मुलांचे लोंढे आले, आणि १९००मध्ये बाप्तिस्मा घेऊन नवऱ्याच्या धर्मात आलेल्या लक्ष्मीबाई त्या मुलांच्या आई झाल्या. टिळकांची मुलांसाठीची गीतं या गजबजाटातून आलेली आहेत. बालकवी ठोंबरेही काही काळ याच घरात राहिले. फुलामुलांचा कवी ही टिळकांची ओळख अशा घरातून तयार झाली; केवळ निसर्ग न्याहाळून ती कविता येत नाही.

कीर्तनाच्या या मार्गाला विरोध झाला, आणि तो परक्यांकडून कमी, आपल्यांकडून जास्त. जुना धर्म मोठी किंमत देऊन सोडलेल्या काही ख्रिस्ती माणसांना टाळ-मृदंग ऐकला की देऊळ आठवे. सोडलेलं तेच पुन्हा दारानं आत येतंय असं त्यांना वाटे. त्यांची भीती मला समजते. जातीचा छळ सोसलेल्या माणसाला छळणाऱ्याचं वाद्यही टोचू शकतं. पण टिळकांचं उत्तर मला जास्त पटतं. तुकारामांच्या पुलावरून आपण ख्रिस्तापर्यंत आलो, असं ते सांगत. आलेल्या वाटेचा पूल तोडायचा कशाला, हा त्यांच्या सगळ्या गीतांमागचा विचार होता. ‘अभंगांजली’मधले त्यांचे अभंग वाचताना वारकरी कानाला काहीही परकं लागत नाही. आळवणी तीच, लटकं भांडण तेच, शरण जाणं तेच. फक्त विटेवरचा उभा देव तिथे नाही, वधस्तंभावरचा ख्रिस्त आहे.

टिळक हे करणारे पहिले नव्हते आणि एकटेही नव्हते. १५७९मध्ये गोव्यात आलेल्या थॉमस स्टीफन्स या इंग्रज जेझुइटानं ‘ख्रिस्तपुराण’ ओवीत लिहिलं. ते १६१६मध्ये छापलं गेलं, जवळजवळ अकरा हजार ओव्यांचं. लोक त्या ओव्या चर्चमध्ये म्हणत. टिळकांच्या काळापर्यंत ती परंपरा प्रॉटेस्टंट नगरपासून फार लांब राहिली होती.

तंजावरची गोष्ट तर मराठी माणसानं मुद्दाम लक्षात ठेवावी अशी. श्वार्ट्झ या जर्मन मिशनऱ्याकडे दोन मुलं शिकली. एक भोसले घराण्यातले सरफोजी (दुसरे), पुढे तंजावरचे राजे. दुसरे वेदनायगम शास्त्रियार (१७७४–१८६४), तमिळ ख्रिस्ती कवी. शास्त्रियारांनी ‘बेथलेहेम कुरवंजी’ लिहिली आणि कथा-गायनाच्या मार्गानं शुभवर्तमान गायलं. ते मराठी राजाच्या आश्रयाला होते आणि तंजावरच्या कथाकालक्षेपावर, म्हणजे याच कथा-गायनावर, महाराष्ट्रातून गेलेल्या कीर्तनकारांचा ठसा होता. म्हणजे मराठी कीर्तन, तमिळ शब्द आणि ख्रिस्तकथा यांची गाठ सांगळे-टिळकांच्या कितीतरी आधी कावेरीकाठी पडली होती.

आणि समुद्रापलीकडे? ‘गॉस्पेल’ म्हटलं की आज डोळ्यांसमोर अमेरिकेतलं कृष्णवर्णीयांचं समूहगायन येतं. त्याचे जनक मानले जाणारे थॉमस डॉर्सी (१८९९–१९९३) जॉर्जियातल्या एका धर्मोपदेशकाचे चिरंजीव. तरुणपणी मा रेनी या गायिकेबरोबर ब्लूज वाजवून पोट भरत. त्यांनी ब्लूजचे सूर चर्चमध्ये आणले तेव्हा जुने पाळक रागावले. मयखान्याचे सूर वेदीसमोर कसे चालतील, हा त्यांचा सवाल. १९३२मध्ये डॉर्सींची पत्नी नेटी बाळंतपणात गेली, पाठोपाठ बाळही गेलं. त्या शोकात त्यांनी देवाचा हात मागणारं जे गीत रचलं, ते मार्टिन ल्यूथर किंग यांचं आवडतं होतं. १९६८मध्ये त्यांच्या अंत्यसंस्काराच्या वेळी महालिया जॅक्सन यांनी ते गायलं. डॉर्सी शिकागोच्या पिलग्रिम बॅप्टिस्ट चर्चमध्ये अनेक दशकं गायकवृंदाचे प्रमुख होते. नगर आणि शिकागो यांना एकमेकांची खबर नव्हती, तरी दोन्हीकडचा मामला सारखाच दिसतो. दबलेल्या समाजाकडे स्वतःचं संगीत आहे, उपासनेत मात्र मालकांचं संगीत चालतं, आणि एक माणूस उठून म्हणतो की देवाला आपलं गाणं चालेल. अग्रगायकानं ओळ टाकायची आणि सभेनं ती उचलायची ही पद्धतही दोन्हीकडे तीच.

कीर्तनाचा असा नवा उपयोग त्या काळात अनेकांनी केला. राष्ट्रीय कीर्तनं झाली, गाडगेबाबांनी झाडू आणि कीर्तन एकत्र केलं, सत्यशोधकांचे आणि पुढे आंबेडकरी जलसे उभे राहिले. ख्रिस्ती कीर्तन त्याच घराण्यातलं आहे. महाराष्ट्राच्या कीर्तनपरंपरेचा इतिहास सांगताना ते वगळलं, तर इतिहास अपुरा राहतो.

१९१२पासून टिळक ‘ज्ञानोदय’च्या मराठी विभागाचे संपादक होते आणि त्यांचे अभंग तिथून घरोघर जात. पण मिशनच्या चौकटीत त्यांचा जीव गुदमरत होता. परदेशी मिशनऱ्यांनी भारतीय ख्रिस्तींचे मायबाप होऊन राहावं हे त्यांना मान्य नव्हतं. १९१७मध्ये त्यांनी मिशनची नोकरी सोडली, संन्यस्त वृत्तीनं राहायचं ठरवलं आणि साताऱ्याला ‘देवाचा दरबार’ सुरू केला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, दोन्ही प्रकारचे ख्रिस्तभक्त एकाच सभेत बसतील, ही त्यामागची कल्पना. भजन आणि कीर्तन हा त्याचा प्राण. दोन वर्षं पुरी होण्याआधीच प्रकृती ढासळली आणि ९ मे १९१९ रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं. त्यांच्या इच्छेप्रमाणे देहाचं दहन झालं. तेव्हाच्या ख्रिस्ती समाजात ही गोष्ट विलक्षण होती.

त्यांच्या हयातीनंतरची एक घडामोड मोलाची आहे. जॅक विन्स्लो या इंग्रज धर्मगुरूनं टिळकांचं चरित्र इंग्रजीत लिहिलं आणि १९२२मध्ये भारतीय वळणाच्या उपासनेसाठी ‘ख्रिस्त सेवा संघ’ काढला. या संघात दाखल होण्यासाठीच १९२७मध्ये व्हेरिअर एल्विन भारतात आले, जे पुढे आदिवासींचे मोठे अभ्यासक झाले. निकोल मॅकनिकल या मिशनऱ्यानं टिळकांच्या अभंगाचं इंग्रजी केलं आणि ते पाश्चात्त्य उपासनासंग्रहांत गेलं.

मुंबईच्या उपनगरांत हाच प्रवाह कॅथलिक वाटेनं पुन्हा वर आला. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनं (१९६२–६५) लोकभाषेतल्या उपासनेला दार उघडलं, पण त्याआधीच फादर जॉर्ज प्रोक्श (१९०४–१९८६) अंधेरीत ज्ञान आश्रमात हिंदी भजनं आणि नृत्यनाट्यं रचत होते. जर्मन भाषक असलेले हे धर्मगुरू १९३२मध्ये भारतात आले. १९६४च्या मुंबईतल्या युकॅरिस्टिक काँग्रेसमध्ये, ज्यासाठी पोप सहावे पॉल आले होते, त्यांचं ख्रिस्तावरचं नृत्यनाट्य सादर झालं. दुसरीकडे व्हिक्टर परंज्योतींनी १९५६मध्ये सुरू केलेला गायकवृंद पाश्चात्त्य चार आवाजांच्या पद्धतीनं गात राहिला. १९६७मध्ये परंज्योती गेले आणि सूत्रं कूमी वाडियांनी हाती घेतली. त्यांना २०२३मध्ये पद्मश्री मिळाली. मला दोन्ही वाटा हव्याशा वाटतात. चार आवाजांचं सौंदर्य मराठी कानानं ओळखावं, आणि त्या सौंदर्यासाठी अभंग गहाण टाकावा लागू नये.

लक्ष्मीबाई टिळकांच्या मागे सतरा वर्षं जगल्या. त्यांनी कीर्तनं केली, १९३३मध्ये नागपूरच्या ख्रिस्ती साहित्य संमेलनाचं अध्यक्षपद भूषवलं, ‘स्मृतिचित्रे’ लिहिली आणि टिळकांनी अर्धवट सोडलेलं ‘ख्रिस्तायन’ हे ख्रिस्तचरित्राचं काव्य पुरं करायला घेतलं. टिळकांचे साडेदहा अध्याय होते. लक्ष्मीबाईंनी पुढे चौसष्ट लिहिले. शाळेचं तोंड न पाहिलेल्या या बाईचं वृत्तांवरचं प्रभुत्व कुठून आलं? माझं उत्तर असं की तीही कीर्तनं, पुराणं आणि ओव्या ऐकून वाढलेल्या कानाची होती.

‘उपासना संगीत’ या मराठी गीतसंग्रहात सांगळे आणि टिळक दोघंही आहेत, आणि मराठी मंडळ्यांत रविवारी ती गीतं गायली जातात. छापलेल्या शब्दांना धोका नाही. धोका आहे चालींना. जुन्या संग्रहात पदावर चालीचा निर्देश असतो आणि ज्या गाण्याची ती चाल, ते गाणं आज कुणाला आठवत नाही. त्या चाली म्हाताऱ्या गायकांच्या कानांत आहेत. मुलुंडमध्ये कालिदास नाट्यमंदिर आहे, महाराष्ट्र सेवा संघ आहे, कीर्तनाला आवर्जून येणारा श्रोता आहे आणि अनेक भाषांत उपासना करणारा ख्रिस्ती समाजही आहे. इथे एका संध्याकाळी उधळ्या पुत्राचं आख्यान पूर्वरंग-उत्तररंगासकट, पखवाज-पेटीच्या साथीनं उभं राहावं, आणि ते उभं करण्यासाठी नगरच्या जुन्या गायकांना बोलवावं. त्यांच्या गळ्यातल्या चाली त्या निमित्तानं ध्वनिमुद्रित करून, स्वरलिपीसह छापता येतील. हे काम याच पिढीत होऊ शकतं.